दोन सूर्यांचं महावर्ष

हेलिकोनियावर हिवाळ्यात जन्मलेला माणूस उन्हाळा न पाहताच मरतो. त्याची मुलं, नातवंडं, पतवंडंही तशीच जातात. बर्फ हीच जगाची मूळ स्थिती आहे असं ते सगळे धरून चालतात, कारण दुसरं काही पाहिलेलं कोणी जिवंत नसतं. पुढे कित्येक पिढ्यांनी आकाशातला एक दूरचा सूर्य हळूहळू तेजाळत जातो. नद्या मोकळ्या होतात, गवत उगवतं, आणि ज्यांचे पूर्वज डोंगराच्या पोटात दडून जगले त्यांची राज्यं उभी राहतात. त्या राज्यांतल्या लोकांनाही वाटतं की जग कायम असंच राहणार.

हा ग्रह कोणत्याही दुर्बिणीला दिसणार नाही. ब्रिटिश लेखक ब्रायन ऑल्डिस यांच्या तीन कादंबऱ्यांमध्ये तो आहे: ‘हेलिकोनिया स्प्रिंग’ (१९८२), ‘हेलिकोनिया समर’ (१९८३) आणि ‘हेलिकोनिया विंटर’ (१९८५). राजे, पुरोहित, भाले, शिंगं असलेले शत्रू, मृत पूर्वजांशी होणारी बोलणी असं अद्भुतकथेचं सगळं साहित्य या कादंबऱ्यांत आहे. त्यामागे मात्र एका जोडताऱ्याचं काटेकोर गणित उभं आहे. त्या ग्रहावरची प्रत्येक दंतकथा, प्रत्येक देव आणि प्रत्येक साथीचा रोग शोधत मागे गेलं, की शेवटी आपण दोन ताऱ्यांमधल्या अंतरापाशी येऊन पोचतो.

दोन सूर्यांचे ग्रह कल्पित विश्वांना नवे नाहीत. त्यातला सर्वांत ओळखीचा म्हणजे ‘स्टार वॉर्स’मधला टॅटूइन. १९७७च्या त्या चित्रपटात तरुण ल्यूक स्कायवॉकर वाळवंटात उभा राहून दोन सूर्यांचा अस्त बघतो. ट्युनिशियात चित्रित झालेलं ते दृश्य जगभरातल्या प्रेक्षकांच्या मनात राहिलं आणि ते तेवढं सुंदर आहेही. पण टॅटूइनच्या आकाशातला एक सूर्य काढून टाकला, तर ल्यूकच्या आयुष्यात काही फरक पडत नाही. तिथे दोन सूर्य हे दृश्य आहे. आयझॅक असिमॉव्ह यांच्या ‘नाइटफॉल’ या १९४१च्या कथेत आकाशाला कथेत खरं काम मिळालं होतं. तिथल्या ग्रहाला सहा सूर्य आहेत. त्यामुळे रात्र ही गोष्टच कुणाला ठाऊक नाही. २,०४९ वर्षांतून एकदा अंधार पडतो, आणि त्या एका रात्रीत संस्कृती कोसळते. असिमॉव्ह यांनी ती एक रात्र रंगवली. ऑल्डिस यांनी अंधारापासून उजेडापर्यंतचा आणि परत अंधारापर्यंतचा सगळा प्रवास लिहायला घेतला.

त्यांनी मांडलेली रचना अशी. बटालिक्स हा आपल्या सूर्याच्या जातीचा, किंचित मंद तारा. त्याचं तेज सूर्याच्या आठ दशांश. हेलिकोनिया या बटालिक्सभोवती फिरतो. एका प्रदक्षिणेला तिथले ४८० दिवस लागतात, आणि हे त्याचं लहान वर्ष. पण बटालिक्स स्वतःच आपल्या ग्रहांना घेऊन फ्रेयर नावाच्या अवाढव्य, शुभ्र, धगधगत्या ताऱ्याभोवती फिरतो आहे. फ्रेयरचं वस्तुमान सूर्याच्या जवळजवळ पंधरा पट आणि तेज तब्बल साठ हजार पट. ही मोठी प्रदक्षिणा पूर्ण व्हायला १,८२५ लहान वर्षं लागतात. पृथ्वीच्या हिशेबाने ती होतात सुमारे २,६०० वर्षं. हे महावर्ष.

मोठ्या प्रदक्षिणेची कक्षा चांगलीच लंबवर्तुळाकार आहे. दोन तारे सर्वांत जवळ असताना त्यांच्यातलं अंतर पृथ्वी-सूर्य अंतराच्या २३६ पट असतं, आणि सर्वांत लांब असताना ७१० पट. आपल्या सूर्यमालेतला नेपच्यून ३० पट अंतरावर आहे, हे लक्षात घेतलं की शंका येते: इतक्या दूरचा तारा ऋतू कसे बदलणार? उत्तर साध्या भागाकारात आहे. प्रकाश अंतराच्या वर्गाच्या प्रमाणात कमी होतो. २३६चा वर्ग ५५,६९६. साठ हजारांना त्याने भागलं की उत्तर एकाहून थोडं जास्त येतं. याचा अर्थ, महाउन्हाळ्यात एकटा फ्रेयर हेलिकोनियाला तेवढी ऊब देतो, जेवढी सूर्य पृथ्वीला देतो. ७१०च्या टोकाला हीच ऊब एक अष्टमांशावर येते. बटालिक्सची ऊब दोन्ही वेळा सारखीच, पृथ्वीला सूर्याकडून मिळते त्याच्या साधारण निम्मी. दोन्हींची बेरीज केली तर महाहिवाळा आणि महाउन्हाळा यांत ग्रहाला मिळणाऱ्या उष्णतेत अडीच पटींचा फरक पडतो. पृथ्वी सूर्याच्या जवळ-दूर जाते त्यामुळे पडणारा फरक जेमतेम सात टक्के आहे. आणि केप्लरच्या नियमानुसार ग्रह असो वा तारा, दूर असताना तो सावकाश सरकतो. त्यामुळे हेलिकोनियाचा हिवाळा लांबलचक, उन्हाळा त्या मानाने आखूड.

या आकड्यांत एक गंमत आहे. दोन ताऱ्यांची वस्तुमानं आणि त्यांच्यातलं सरासरी अंतर घेऊन कोणीही केप्लरचा तिसरा नियम लावून पाहावा. प्रदक्षिणेचा काळ खरोखरच २,६०० वर्षांच्या आसपास येतो. हे आकडे सजावटीसाठी फेकलेले नाहीत. ऑल्डिस यांनी खगोलशास्त्रासाठी इयन निकल्सन यांची आणि भूविज्ञान व हवामानासाठी पीटर कॅटरमोल यांची मदत घेतली होती. हेलिकोनियावरच्या भाषांसाठी तर टॉम शिपी यांच्यासारख्या भाषाशास्त्रज्ञाचा सल्ला घेतला होता. तेच शिपी टोल्किन यांच्या साहित्याचे जाणकार म्हणून ओळखले जातात.

गणित पक्कं झाल्यावर ऑल्डिस यांनी त्यातून जीवसृष्टी उभारली, आणि इथे त्यांची कल्पनाशक्ती खरी फुलते. राजाबराल नावाची झाडं हिवाळाभर जमिनीखाली आपला जीव साठवून ठेवतात आणि वसंतात उसळून वर येतात. हॉक्सनी हे घोड्यासारखे वेगवान प्राणी शतकानुशतकं गोठून, काचेसारखे होऊन पडलेले असतात आणि ऊब लागताच उठून धावू लागतात. पहिल्या कादंबरीच्या सुरुवातीला बर्फाळ पठारावरून जाणारे येल्कचे प्रचंड कळप दिसतात. येल्कच्या मादीला प्रसूती नाही. तिच्या मृत्यूनंतर तिच्याच देहातून वाट काढत पिल्लं बाहेर येतात. वाचताना अंगावर शहारा येतो, आणि त्याच वेळी पटतं की अशा थंडीत आईच्या देहासारखा उबदार साठा पिल्लांना दुसरा कुठला मिळणार?

हेलिकोनियावर बुद्धी असलेल्या जाती दोन. एक माणसं, पृथ्वीवरची नव्हेत, तिथेच उत्क्रांत झालेली. दुसरे फॅगर. लांब पांढऱ्या केसांचे, दोन शिंगांचे, पिवळ्या रक्ताचे हे जीव थंडीचे धनी आहेत. महाहिवाळ्यात ते माणसांवर हुकूमत गाजवतात. उन्हाळ्यात पारडं फिरतं आणि माणसं फॅगरांना गुलाम करतात, सैन्यात भरती करतात. हे आलटून पालटून चालत आलं आहे.

फॅगरांच्या स्मृतीत मात्र या चक्राच्याही आधीचा एक काळ शिल्लक आहे. ऐंशी लाख वर्षांपूर्वी बटालिक्स एकटाच होता. त्याचा हा ग्रह थंडगार होता आणि फॅगरांचाच होता. मग बटालिक्स फ्रेयरच्या ओढीत सापडला. त्या उलथापालथीत हेलिकोनियाचा चंद्र हरवला. नव्या सूर्याच्या उबेत माकडासारख्या एका प्राण्यापासून माणूस घडला. म्हणून फॅगर माणसाला म्हणतात ‘फ्रेयरचा पुत्र’. त्या नावात तिरस्कार भरलेला आहे. त्यांच्या दृष्टीने आकाशातला तो प्रखर तारा म्हणजे परचक्र, आणि माणूस हा त्या परचक्राबरोबर आलेला उपरा. एकाच ताऱ्याकडे एक जात प्राणदाता म्हणून बघते आणि दुसरी जात घर हिरावून घेणारा म्हणून. कादंबरीने दोघांचंही म्हणणं मनापासून मांडलं आहे. ही या त्रयीची फार मोठी जमेची बाजू.

माणसांच्या श्रद्धा त्यांच्या ऋतूनुसार बदलतात. हिवाळ्याच्या उत्तरार्धात पॅनोव्हाल हे सगळं शहर डोंगराच्या आत, गुहांमध्ये वसलेलं आहे. तिथला देव आखा, म्हणजे दगडाचा आणि अंधाराचा देव. आकाशाचा वुट्रा हा त्याचा वैरी. ज्यांना उघड्यावर गेलं की मरण दिसतं, त्यांचा देव जमिनीखालीच असणार. कथानायक यूली हा शिकाऱ्याचा पोर. वडिलांना फॅगर पकडून नेतात, मग तो या शहरात येतो, पुरोहित होण्याच्या वाटेला लागतो आणि शेवटी त्या दडपलेल्या अंधारातून पळ काढतो. बाहेरच्या, उघड्या आकाशाखाली राहणाऱ्या लोकांना फ्रेयर आणि बटालिक्स हे दोन पहारेकरी वाटतात, एकामागून एक पाळीवर येणारे.

पिढ्या उलटतात आणि यूलीचे वंशज ओल्डोरँडो नावाच्या वस्तीत राहू लागतात. गावाजवळ ठरावीक वेळाने शिट्टी घालत उसळणारा गरम पाण्याचा झरा आहे. तेच तिथलं घड्याळ. जुन्या दगडी बुरुजांत ते राहतात, पण ते कोणी आणि कधी बांधले हे कुणालाच सांगता येत नाही. बांधणारे त्यांचेच पूर्वज होते, मागच्या महाउन्हाळ्यातले. इथे शे ताल नावाची स्त्री पुढे येते. रोटीपेक्षा ज्ञान मोठं असं ती म्हणू लागते आणि बायकांची एक पाठशाळा काढते. पुरुषांना हा चावटपणा वाटतो. तिच्याबरोबरची व्ह्राय रात्रंदिवस आकाश टिपून ठेवते. वसंत पुढे सरकतो तशी ग्रहणांची मालिका सुरू होते: जवळचा बटालिक्स दूरच्या फ्रेयरच्या आड येतो, पुन्हा पुन्हा. गाव भेदरतं. व्ह्रायच्या नोंदींना तेव्हा पहिल्यांदा किंमत येते. विज्ञानाचा जन्म इतक्या साधेपणाने आणि इतक्या तळमळीने रंगवलेला फार थोड्या कादंबऱ्यांत सापडतो.

ऑल्डिस यांना मुळात हेच सांगायचं आहे, असं तिन्ही खंड वाचून वाटतं. २,६०० वर्षं हा काळ फार क्रूर आहे. पृथ्वीवरच्या हिमयुगासारखा तो लाखो वर्षांचा असता, तर जीवजातींनी सावकाश जुळवून घेतलं असतं. दहा-वीस वर्षांचा असता, तर आजीने नातीला सांगितलं असतं. पण हे चक्र माणसाच्या इतिहासाएवढंच मोठं आहे. ग्रंथ जळतात, भाषा बदलतात, शहरं ओस पडतात, आणि पुढच्या वसंतात सगळं पहिल्यापासून. मागे उरतात त्या कथा, विधी, गाणी आणि पडके बुरुज. शास्त्र विसरलं गेलं तरी विधी टिकतो. म्हणूनच हेलिकोनियावरची दंतकथा करमणुकीची गोष्ट उरत नाही. ज्या घटना कुठलीही एक पिढी पाहू शकत नाही, त्यांची आठवण धरून ठेवण्याचं तेच एक साधन आहे.

याचं सर्वांत भव्य उदाहरण तिसऱ्या खंडात येतं, खार्नाभारचं महाचक्र. उत्तरेच्या सिबोर्नाल खंडात, डोंगराच्या पोटात कोरलेलं हे प्रचंड दगडी चाक आहे. त्याच्या परिघावर १,८२५ कोठड्या आहेत, महावर्षातल्या प्रत्येक लहान वर्षासाठी एक. कोठडीत शिरलेला माणूस बाहेर पडतो तो चाकाची फेरी पूर्ण झाल्यावर, दहा वर्षांनी. तोवर आतल्या सगळ्यांनी भिंतीतल्या साखळ्या ओढत चाक इंच-इंच पुढे न्यायचं. लोकांची श्रद्धा अशी, की या कष्टांनीच हेलिकोनिया अंधारातून परत फ्रेयरच्या उजेडाकडे वल्हवला जातो. मूळ धर्मकार्य, पुढे तुरुंग. लुटेरिन शोकेरंडिट हा तरुण त्या चाकात दहा वर्षं एकटा काढतो. तो भाग वाचताना पानं उलटण्याचा वेगच मंदावतो. पंचांग, देऊळ आणि कैदखाना एकाच दगडात कोरण्याची ही कल्पना ऑल्डिस यांच्या सर्व लेखनात अव्वल ठरावी.

उत्तरेकडच्या लोकांचा आणखी एक दिवस आहे, मिर्कविर. दक्षिणेकडे हिवाळ्यातही फ्रेयर उगवत-मावळत राहतो. फिका झाला तरी पृथ्वीवरच्या पौर्णिमेच्या चंद्राच्या जवळजवळ पन्नास हजार पट उजेड तो देतो. पण उत्तरेत तो दिवसेंदिवस क्षितिजाकडे खाली सरकतो आणि एका दिवशी शेवटचा मावळतो. नंतर शतकानुशतकं तो दिसत नाही. त्या शेवटच्या अस्ताला लोक जमतात. पुन्हा तो उगवेल तेव्हा तिथे हजर असलेल्यांपैकी कुणाचं नावही कुणाला आठवणार नाही, हे सगळ्यांना ठाऊक असतं.

साथीच्या रोगाचं कथानक तर वैद्यकशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी मुद्दाम वाचावं असं आहे. फॅगरांच्या अंगावर गोचिडी असतात, आणि त्या गोचिडींत ‘हेलिको’ नावाचा विषाणू. वसंतात तो माणसांत हाडताप पसरवतो. माणसं पटापट मरतात; जे वाचतात ते काटक, सडपातळ होतात. हिवाळ्याच्या तोंडावर तोच विषाणू वेगळं रूप घेतो. त्याला मेदमृत्यू म्हणता येईल. पुन्हा मढ्यांचा खच. पण वाचलेली माणसं यावेळी जाडजूड, पिंपासारखी होतात. दोन्ही वेळा वाचलेल्यांचं शरीर येणाऱ्या ऋतूला तयार झालेलं असतं. ज्याला सगळे शाप समजतात तो रोगच माणूसजातीला एका ऋतूतून दुसऱ्या ऋतूत पोचवतो. सिबोर्नालचे राज्यकर्ते साथ रोखण्यासाठी फॅगरांचा नायनाट करायला निघतात, आपल्याच परतणाऱ्या सैन्यावर हत्यार चालवतात. फॅगर संपले तर विषाणू संपेल, आणि विषाणू संपला तर पुढच्या महाहिवाळ्यात माणूस संपेल, हे त्यांच्या ध्यानात येत नाही. वैरी जातीच्या अंगावरच्या गोचिडीत आपला जीव आहे ही गोष्ट कुठल्या राजाला पचेल?

या विचारामागे जेम्स लव्हलॉक यांचा ‘गाया’ सिद्धांत आहे. पृथ्वीवरचे सजीव आणि निर्जीव मिळून एक स्वतःला सावरणारी व्यवस्था बनते, असं मांडणारं लव्हलॉक यांचं पुस्तक १९७९मध्ये आलं, आणि त्याची छाया या त्रयीवर, विशेषतः शेवटच्या खंडावर, स्पष्ट आहे. दुसरी छाया शीतयुद्धाची. १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला अणुयुद्धानंतर पडणाऱ्या ‘आण्विक हिवाळ्या’ची चर्चा शास्त्रज्ञांमध्ये रंगली होती. ऑल्डिस स्वतः दुसऱ्या महायुद्धात रॉयल सिग्नल्स दलातून ब्रह्मदेशाच्या आघाडीवर होते. एखादी सुस्थिर वाटणारी दुनिया किती झटकन मोडते, हे त्या पिढीला पुस्तकातून शिकावं लागलं नव्हतं.

म्हणून त्यांनी पृथ्वीलाही कथेत आणलं. हेलिकोनियाभोवती ॲव्हर्नस हे पृथ्वीवासियांचं निरीक्षणकेंद्र फिरत असतं. खाली घडणारं सगळं ते टिपतं आणि हजार प्रकाशवर्षांवरच्या पृथ्वीला पाठवतं. तिथले प्रेक्षक हजार वर्षांपूर्वीचं जग बघत असतात. ॲव्हर्नसवरच्या कुणाला खाली उतरायचं असेल तर परतीची वाट नाही, कारण विषाणूपासून त्यांना संरक्षण नाही. तरीही तिथे सोडत काढली जाते. जिंकणाऱ्याला खऱ्या आकाशाखाली काही दिवस जगून मरण्याचा हक्क मिळतो. दुसऱ्या खंडातला बिली शाओ पिन असाच सोडत जिंकून खाली येतो. बोर्लिएनचा राजा राणीला टाकून एका कोवळ्या राजकन्येशी लग्न करू पाहतो आहे, त्या गदारोळात बिली सापडतो. आपण आकाशातून आलो, तुमचा ग्रह असा फिरतो, असं तो जीव तोडून सांगतो. ऐकून घ्यायची कुणाची तयारी नसते. पुढे पृथ्वीवरही अणुयुद्ध होतं आणि पाहणाऱ्यांचा स्वतःचाच हिवाळा सुरू होतो.

आता विज्ञानाच्या कसोटीवर हे किती टिकतं, ते पाहायला हवं. ऑल्डिस लिहीत होते तेव्हा सूर्यमालेबाहेरचा एकही ग्रह निश्चित झालेला नव्हता. पहिले पक्के शोध १९९२ आणि १९९५मधले. जोडताऱ्यांत ग्रह टिकतील का, याबद्दलच अनेकांना शंका होती. पुढे गणिताने दाखवलं की ग्रह दोन प्रकारे सुखाने नांदू शकतो. एक तर दोन्ही तारे एकमेकांभोवती जवळून फिरत असतील आणि ग्रह दोघांनाही लांबून प्रदक्षिणा घालत असेल. हा टॅटूइनचा प्रकार. २०११मध्ये जाहीर झालेला केप्लर-१६बी असाच आहे. शनीएवढ्या या ग्रहाचे दोन सूर्य ४१ दिवसांत एकमेकांभोवती फिरतात आणि तो २२९ दिवसांत दोघांभोवती. दुसरा प्रकार हेलिकोनियाचा: ग्रह एका ताऱ्याला चिकटून, दुसरा तारा दूर. गॅमा सेफी या जोडताऱ्यातला ग्रह या जातीचा. ग्रहाची कक्षा दोन ताऱ्यांमधल्या किमान अंतराच्या मानाने पुरेशी लहान हवी, एवढीच अट. हेलिकोनिया ती अगदी आरामात पाळतो.

अडचणी आहेतच. दोन एकटे तारे जवळून गेले तर एक दुसऱ्याला धरून ठेवू शकत नाही. जादा ऊर्जा घेऊन जाणारं तिसरं काही लागतं. फ्रेयरसारखा तप्त तारा अतिनील किरणांचा मारा करील, त्याला तोंड द्यायला ग्रहाचं वातावरण भक्कम हवं. आणि सूर्याच्या पंधरा पट वस्तुमानाचा तारा फार जगत नाही. एक-दीड कोटी वर्षांत तो महास्फोटाने संपतो. त्यातली ऐंशी लाख वर्षं कथेआधीच सरली आहेत. माणूस आणि चिंपांझी यांचे पूर्वज पृथ्वीवर वेगळे झाले तेही साधारण तेवढ्याच काळापूर्वी, त्यामुळे हेलिकोनियावर माणूस घडायला वेळ अगदीच अपुरा नव्हता. पण फ्रेयरच्या पुत्रांची मुदत ठरलेली आहे. फॅगरांनी आणखी काही लाख वर्षं थांबण्याची तयारी ठेवली, तर त्यांचा जुना ग्रह परत मिळण्याची आशा धरायला जागा आहे. स्फोटातून ते वाचले तर.

ऋतूंच्या लहरीपणाला आकाशातलं कारण शोधण्याची ओढ ऑल्डिसनंतरही सुटलेली नाही. जॉर्ज आर. आर. मार्टिन यांच्या ‘अ साँग ऑफ आइस अँड फायर’मध्ये हिवाळा कधी येईल आणि किती वर्षं राहील याचा नेम नसतो. मार्टिन यांनी ते जादूवर सोडलं. तरी २०१३मध्ये अमेरिकेतल्या काही तरुण खगोलशास्त्रज्ञांनी गंमत म्हणून एक शोधनिबंध लिहिला आणि तो ग्रह जोडताऱ्याभोवती फिरत असेल तर असे बेभरवशाचे ऋतू येऊ शकतात, असं आकडेमोडीने दाखवलं.

खरा जोडतारा आपल्याकडूनही बघता येतो. मे महिन्याच्या रात्री अकराच्या सुमारास कोकणातून किंवा गोव्यातून दक्षिण क्षितिजावर, अगदी खाली, एक ठळक तारा दिसतो. मराठीत त्याला मित्र म्हणतात. साध्या डोळ्यांना एक दिसणारा हा तारा म्हणजे सूर्यासारखे दोन तारे, ८० वर्षांत एकमेकांभोवती फिरणारे. ते पृथ्वी-सूर्य अंतराच्या ११ पटींइतके जवळ येतात आणि ३६ पटींइतके लांब जातात. त्यातल्या मोठ्या ताऱ्याभोवती पृथ्वीएवढ्या अंतरावर एखादा ग्रह असेल, तर दुसरा सूर्य जवळ आल्यावरही त्याची ऊब अर्ध्या टक्क्याहून कमीच वाढेल. महाऋतू त्याला लाभणार नाहीत. रात्री मात्र वर्षातले कित्येक महिने काळोख पडणार नाही.

ताऱ्यांच्या जोडीभोवती लोककथा विणणं आपल्यालाही परकं नाही. लग्नात नवरीला दाखवली जाते ती अरुंधती सप्तर्षींतल्या वसिष्ठाला लागून आहे. भीष्मपर्वात व्यास धृतराष्ट्राला युद्धाआधीचे अपशकुन सांगतात, त्यात अरुंधती वसिष्ठाच्या पुढे गेली, हाही एक आहे. दुर्बिणीतून पाहिलं तर वसिष्ठ एकटा नाही, जोडतारा आहे. पुढे वर्णपटाने त्या जोडीतही आणखी जोड्या दाखवल्या, आणि २००९मध्ये अरुंधतीलाही सोबती सापडला. एकूण सहा तारे. विवाहविधीतलं ते बोट आकाशातल्या फार गुंतागुंतीच्या जागेकडे रोखलेलं असतं.

ही त्रयी वाचायची तर क्रमाने वाचावी. ‘स्प्रिंग’ला जॉन डब्ल्यू. कॅम्पबेल स्मृती पुरस्कार आणि ब्रिटिश सायन्स फिक्शन असोसिएशनचा पुरस्कार मिळाला. ‘विंटर’लाही असोसिएशनचा मान मिळाला. पुरस्कार नसलेला ‘समर’ दरबारी राजकारणात जास्त वेळ घालवतो आणि कथा मागे-पुढे नेतो, त्यामुळे काही वाचक तिथे अडखळतात. त्यांनी नेटाने पुढे जावं, कारण ‘विंटर’मधल्या महाचक्राचं वजन आधीचा उजेड भरपूर भोगल्याशिवाय कळत नाही. आणि पहिल्या खंडातली यूलीची सुरुवातीची गोष्ट कंटाळून गाळू नये; ती लहानशी कादंबरीच आहे. पुढच्या दोन्ही खंडांतले लोक ज्याला दंतकथा म्हणतात, ते आपण तिथे प्रत्यक्ष घडताना पाहिलेलं असतं.